काडी, वारा आणि झाकण

४ मार्च, बुधवार

नवी फिल्म, नवी वही. वही ताईनं दिली. पहिल्या पानावर तिनं लिहून ठेवलंय, ‘यात एखादी तरी हसरी गोष्ट लिही.’ ताई माझ्याहून सहा वर्षांनी मोठी, निवृत्त नर्स, आणि जगातला प्रत्येक माणूस तिला पेशंट वाटतो. ते पान फाडणार होतो, पण वहीची शिवण सुटली असती, म्हणून राहू दिलं.

तर विषय. इथल्या जुन्या नाट्यगृहात तीन माणसं नोकरीवर हसतात. हो, हसतात! विनोदी नाटक लागलं की प्रेक्षकांत जाऊन बसायचं आणि नेमक्या जागी हसायचं, म्हणजे बाकीच्यांना हसायचा धीर येतो. पूर्वी अशी एकवीस माणसं होती. उरली तीन. आणि आता मॅनेजरनं यंत्र आणलंय. चार कोपऱ्यांत चार स्पीकर, मागच्या खोलीत एक खोकं, खोक्यावर तीन बटणं: छोटं हसू, मोठं हसू, गडगडाट. नवीन नाटक येतंय. २७ तारखेला, शुक्रवारी दुपारचा खेळ यंत्राच्या जिवावर होईल. २८ला, शनिवारी तोच खेळ या तिघांच्या जिवावर. मॅनेजर मागे उभा राहून हशे मोजणार. ज्याचे हशे जास्त, तो राहील. दुसऱ्यानं घरी जायचं.

ऐकूनच अंगावर काटा आला. संपत चाललेली कला, शेवटचे तीन शिलेदार! मी आजवर सोळा माहितीपट केले. शेवटचा छत्री दुरुस्त करणारा, शेवटचा लिफ्टमन, शेवटची टेलिफोन ऑपरेटर. पण हा विषय म्हणजे लॉटरी. नाव ठरलं: ‘शेवटचं हसू’. शेवटचा शॉटसुद्धा ठरला. रिकामं नाट्यगृह, तिघं पाठमोरी चालत दाराकडे जातात, दार बंद होतं.

ताईला फोन करून सांगितलं. ती म्हणाली, “तुझ्या प्रत्येक फिल्मच्या शेवटी कोणीतरी पाठमोरं चालत जातंच. वळून बघावंसं वाटत नाही का रे कुणालाच?” तिला कलेतलं शष्प कळत नाही.

६ मार्च, शुक्रवार

आज तिघांना भेटलो. नावं विचारली तर सगळ्यांत मोठ्या होत्या त्या म्हणाल्या, “नावं घेऊन काय करतोस? धंद्यात आम्ही काडी, वारा आणि झाकण.”

काडी म्हणजे जी आधी पेटते. काडीमावशींचं वय चौऱ्याहत्तर. पन्नास वर्षं एकच जागा, पाचवी ओळ, कडेची खुर्ची. नटानं विनोद टाकला की अर्ध्या सेकंदात मावशींचं हसू फुटतं. मग मधल्या ओळीतल्या वाराबाई ते उचलतात आणि डावीउजवीकडे पसरवतात, म्हणजे शेजाऱ्याच्या दंडाला धरून “अगं बाई, काय तरी बाई!” करत सुटतात. आणि सगळ्यांत मागे झाकणकाका, निवृत्त पोस्टमास्तर. त्यांचं काम थांबवायचं. हशा वेळेत विरला नाही तर नटाचं पुढचं वाक्य बुडतं. म्हणून काका एक लांबलचक सुस्कारा सोडतात, “हाऽऽऽ... खरंय बुवा!” की अख्खं नाट्यगृह चिडीचूप. मी तीनदा करून दाखवायला लावलं. तिन्ही वेळा मी स्वतःच गप्प झालो आणि पुढचा प्रश्न विसरलो.

नियम दोनच. पहिला: काडी पेटली की वाऱ्यानं विचारायचं नाही. विनोद कळो न कळो, पसरवायचं. दुसरा: कामावर असताना खरं हसायचं नाही. खरं हसू बोलावल्या वेळी येत नाही आणि आलं की सांगून थांबत नाही. जो खरं हसेल त्यानं पुढच्या खेळाला तोंडात रुमाल धरून शेवटच्या ओळीत बसायचं.

“तुम्ही कधी हसता की नाही?” वाराबाईंनी मलाच विचारलं. म्हटलं, मी आतल्या आत हसतो. तर त्या म्हणाल्या, “आत कोंदट होत नाही का?” तिघांनी मिळून माझं नाव गंभीरराव ठेवलंय. ठेवू देत.

९ मार्च, सोमवार

मावशींच्या घरी शूट. तिसरा मजला, दोन खोल्या, खिडकीत एक कुंडी. काय सापडलंय हे मला! एकेक तपशील म्हणजे सोनं.

दाराला बेल नाही, दिव्याचं बटण आहे. आपण बाहेर दाबायचं की आत स्वयंपाकघरात दिवा लागतो. “उगाच आवाज कशाला करायचा,” मावशी म्हणाल्या. किती हे सौजन्य! टीव्ही चालू होता पण मुका. आवाज का नाही, तर म्हणाल्या, “सगळं कळतं की तसंच.” लगेच टिपून घेतलं: आजच्या कोलाहलाला दिलेला शांत नकार. फिल्ममध्ये निवेदनात घालणार आहे.

मुलाखतीसाठी दिवा लावला तर मावशींनी उठून तो माझ्या तोंडावर वळवला. म्हटलं, मावशी, मुलाखत तुमची आहे, माझी नाही. त्यांनी ऐकलंच नाही. वर म्हणाल्या, “मिशा ओठावर आल्यात बघ तुझ्या. जरा कापून घे. माणसाचं तोंड कसं मोकळं दिसावं.” जुन्या माणसांना टापटिपीचं भारी वेड. घरी येऊन कापल्या.

घरी बसवलं तर काय कराल, हा माझा हुकमी प्रश्न. सोळाही फिल्ममध्ये विचारलाय, सोळाही वेळा माणसं रडली आहेत. मावशी रडल्या नाहीत. बराच वेळ माझ्या तोंडाकडे बघून म्हणाल्या, “घरी हसायला कारण लागतं रे. तिथं लागत नाही. घरी मी एकटी कारण कुठून आणू? मला भीती वाटते.” मी कॅमेऱ्याआडून मान हलवली. शॉट उत्तम आला.

१२ मार्च, गुरुवार

आज दवाखान्यात तालीम. म्हणजे असं: वाराबाई दिवसा दातांच्या डॉक्टरांकडे मदतनीस आहेत, आणि डॉक्टर जेवायला गेले की दवाखाना या तिघांचा. नवीन नाटकात साठ विनोद आहेत. काका ते तार वाचावी तसे एकसुरी वाचतात आणि तिघं हसतात. मग पुन्हा वाचतात. पुन्हा हसतात. विनोदातला सगळा रस निघून चोथा होईपर्यंत हे चालतं, म्हणजे खेळाच्या दिवशी खरं हसू यायची भीती नाही.

मावशी पेशंटच्या खुर्चीत, डोक्यावरचा दिवा काकांच्या तोंडावर. बाहेर एक माणूस गाल धरून बसला होता. चाळीस मिनिटं आतून हसण्याचे फवारे ऐकून तो डोकावला आणि म्हणाला, “मी दात काढायला आलो होतो, पण तुमचे आधीच काढून झालेले दिसतात.” तो गेल्यावर वाराबाईंना खरं हसू आलं. तालमीत रुमाल नसतो म्हणून वाचल्या.

मी साठही विनोद पेन्सिलीनं उतरवून घेतले. चौतीस कळले नाहीत. काकांनी एकेक करून समजावले. त्यानंतर उरलेलेही कळेनासे झाले.

१७ मार्च, मंगळवार

आज तर कमालच झाली. नाट्यगृहात रंगीत तालीम चालली होती. मावशी आपल्या खुर्चीत, मी त्यांच्या मागे दिवा लावत होतो आणि माझ्या पायात वायर अडकून दिव्याचं अख्खं स्टँड आडवं झालं. धाडकन! स्टेजवरचा नट दचकून सोफ्यामागे गेला, सुताराच्या हातून हातोडी सुटली, मॅनेजर बाहेरून “काय पडलं, काय पडलं” करत धावत आला. आणि मावशी? पापणीसुद्धा हलली नाही! त्या तशाच नटाकडे बघत बसलेल्या. ही एकाग्रता! ही साधना! मी स्टँड तसंच टाकून त्यांच्या चेहऱ्याचा चार मिनिटांचा शॉट घेतला.

वाराबाई मात्र पांढऱ्याफटक पडल्या होत्या. मॅनेजरला घाईघाईनं म्हणाल्या, “मावशी फार मन लावून बघतात हो.” मी म्हटलं, मी हेच म्हणतोय!

ताईला सांगितलं. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, “त्यांच्या मागून कधी बोलून बघितलंस का रे?” मी म्हटलं, मी माणसांशी समोरून बोलतो, तो माझ्या कामाचा भाग आहे. “बरं बाबा,” ती म्हणाली. हा तिचा वॉर्डातला ‘बरं बाबा’ आहे, मला चांगला माहीत आहे.

२१ मार्च, शनिवार

वाराबाईंनी चहाला बोलावलं. म्हणाल्या, कॅमेरा घरी ठेवून या. म्हटलं, मग येण्याचा उद्देश काय? त्या म्हणाल्या, “उद्देश चहा.” मला हे पटलं नाही, मी कॅमेरा घेऊन गेलो.

चहा बरा होता. वारा बशीत ओतून फुंकर घालत पिते. मधेच माझा जबडा धरून दिव्याकडे वळवला आणि म्हणाली, “दात तर चांगले आहेत की! मग दाखवत का नाही?” घरी येऊन बघितलं तर अठरा मिनिटं शूट झालंय, नुसतं फुंकर घालणं. फिल्ममध्ये याचा काही एक उपयोग नाही. का घेतलं कोण जाणे. दोनदा बघितलं.

२४ मार्च, मंगळवार

इथं खरं लिहायचं म्हणून लिहितो. आज काकांनी विचारलं, “आम्ही जिंकलो तर तुमच्या फिल्मचं काय?” ही माणसं जिंकली तर ‘शेवटचं हसू’ कसलं? पाठमोरं कोण जाणार? दार कोण बंद करणार? दिवसभर डोक्यात हेच. म्हणजे गंभीरराव, तुम्हाला हे तिघं हरायला हवे आहेत. लाज वाटली. ताईला सांगणार नाही.

२७ मार्च, शुक्रवार

यंत्राचा खेळ झाला. बावन्न! साठातल्या बावन्न विनोदांना लोक हसले, मॅनेजरच्या हातातलं मोजायचं यंत्र टिकटिक करून दमलं. खोक्यातल्या हसण्यात कोणीतरी खोकतं, प्रत्येक मोठ्या हशाला तोच खोकला, त्याच जागी. मध्यंतरापर्यंत लोक त्या खोकणाऱ्याला शोधायला लागले होते. पण हसले. यंत्र चुकत नाही, दमत नाही.

तिघं मागच्या ओळीत बसून ऐकत होती. मावशींनी वाराच्या तोंडाकडे बघितलं, वारानं हातावर पाच आणि दोन अशी बोटं दाखवली. मावशी म्हणाल्या, “पन्नासच्या वर कधी काळी मी एकटी न्यायची.” आणि मग हळूच, “तेव्हाची गोष्ट वेगळी.”

२९ मार्च, रविवार सकाळ

काल लिहायला बसलोच नाही. आता सगळं पहिल्यापासून, एकही गोष्ट न गाळता.

काल एक वाजता मी पाचव्या ओळीसमोर कॅमेरा लावत होतो. सोळा फिल्मांनंतरचा सर्वांत मोठा शॉट. इतक्यात वारा पांढऱ्या कोटातच धावत आली. नाटकातल्या मुख्य नटाची दाढ रात्रीतून सुजली, सकाळी वाराच्याच दवाखान्यात ती उपटली. गाल टरटरून सुजलेला. प्रेक्षकांना दिसू नये म्हणून दिग्दर्शकानं त्याला मफलर बांधला होता, नाकापासून गळ्यापर्यंत.

“गंभीरराव, कॅमेरा बंद करा. आज तुम्ही मावशींच्या शेजारी बसायचं. विनोद आला की त्यांच्या गुडघ्यावर टिचकी मारायची. मला आणि काकांना जागा सोडता येत नाही.”

“टिचकी कशाला?”

“नटाच्या तोंडाला मफलर आहे. मावशींना ओठ दिसणार नाहीत.”

“मग ऐकतील की!” मी म्हणालो.

वारा माझ्याकडे बघत राहिली. मग ती पायरीवर बसली. मला वाटलं धावून दम लागला. तर ती हसत होती, पोट धरून, डोळ्यांतून पाणी काढून, मधेच हातानं ‘थांबा, सांगते’ अशी खूण करत आणि पुन्हा हसत. “अहो,” ती कशीबशी म्हणाली, “सहा वर्षं झाली त्यांना ऐकू येत नाही! तुम्हाला अजून... तीन आठवडे... अहो, तुम्ही त्यांच्या मागे स्टँड पाडलंत!”

मुका टीव्ही. दाराच्या बेलऐवजी दिवा. माझ्या तोंडावर वळवलेला झोत. “माझ्या मिशा!” मी ओरडलो. वारा पुन्हा आडवी झाली.

एवढं सगळं घडलं त्यात मी मनातल्या मनात स्वतःला किती शिव्या घातल्या ते लिहीत नाही. मॅनेजरला यातलं काही माहीत नाही, कळलं तर यंत्राचीसुद्धा गरज नाही, मावशी तिथल्या तिथे घरी. म्हटलं, पण मला विनोद कळत नाहीत! वारा म्हणाली, “तुमच्याकडे यादी आहे ना? यादी बघा आणि टिचकी मारा.” मी कॅमेऱ्याकडे बघितलं. सोळा फिल्ममध्ये मी तो कधीच मधे बंद केलेला नाही. मग मावशी आल्या, साडी सावरत, केस नीट बांधून, आणि खुर्चीत बसून त्यांनी आपला गुडघा माझ्याकडे सरकवला. मी कॅमेरा बंद केला.

पहिला अंक म्हणजे फजिती. मफलरमधून नटाचं बोलणं असं येत होतं, जसं शेजारच्या घरात कोणी भांडतंय. यादी मांडीवर, एक बोट यादीवर, दुसऱ्या हाताची टिचकी तयार, आणि विनोद कुठला चाललाय याचा पत्ता नाही. सतरावा म्हणून टिचकी मारली तेव्हा एकविसावा चालला होता. एकदा नट बाहेर निघून गेल्यावर मी टिचकी मारली आणि मावशी पेटल्या. अख्खं नाट्यगृह एका रिकाम्या खुर्चीला हसलं. मध्यंतरापर्यंत हशे झाले आठ. आठ! काका येऊन कानाशी म्हणाले, “मी झाकण हातात घेऊन बसलोय, पण खाली भांडंच नाही हो.” मावशी माझ्या तोंडाकडे बघत होत्या. मी म्हटलं, छान चाललंय. त्यांनी माझा हात थोपटला. माझ्याइतका खोटारडा माणूस त्या क्षणी स्टेजवरसुद्धा नव्हता.

आणि स्टेजवरचा तर पक्का. नाटकाचा नायक सुरुवातीपासून सगळ्यांशी खोटं बोलतो, बायकोशी, मालकाशी, डॉक्टरशी. दुसऱ्या अंकाच्या सुरुवातीलाच तो बायकोसमोर उभा राहतो आणि म्हणतो, “मी आयुष्यात पहिल्यांदा खरं बोलतोय.” नाटकातलं एवढंच एक गंभीर वाक्य. विनोद नाही म्हणून दवाखान्यात ते कधी वाचलंच गेलं नव्हतं. मी पहिल्यांदाच ऐकलं. शेवटी एक तरी वाक्य मला कळलं होतं! डोळे भरून आले, समोरचं दिसेना, आणि आधाराला म्हणून मी मावशींचा गुडघा घट्ट धरला.

मावशी पेटल्या.

असं हसू मी तीन आठवड्यांत ऐकलं नव्हतं. टिचकीला एवढं तर घट्ट पकडीला केवढं, असा हिशेब त्यांनी केला असणार. आणि काडी पेटली की वाऱ्यानं विचारायचं नाही. “अगं बाई! म्हणे खरं बोलतोय!” वारा मधल्या ओळीत उसळली. लोकांना एकदम कळलं की अरे हो, हा मेला सगळं नाटकभर थापा मारतोय आणि आता म्हणे खरं! लाट उठली ती बाल्कनीपर्यंत. नट हादरला. त्याला वाटलं नीट ऐकू गेलं नाही. मफलर खाली ओढून तो ओरडला, “मी खरं बोलतोय!” आणि तो गाल! एका बाजूला एवढा मोठा गाल! “अहो, खरंच बोलतोय!” बायको झालेल्या नटीनं पाठ फिरवली, तिचे खांदे गदगदत होते. आता आवरायला हवं म्हणून मागून काकांनी आपला ठेवणीतला सुस्कारा सोडला, “हाऽऽऽ... खरंय बुवा!”

संपलं. लोक खुर्च्यांतून घसरायला लागले.

मग माझ्या पोटात काहीतरी झालं. आधी वाटलं झटका आलाय, ताईला फोन करावा. ते वर वर येत गेलं आणि तोंडातून बाहेर पडलं, आणि मी ओळींच्या मधे जमिनीवर बसून मावशींच्या पदराला डोळे पुसत होतो. काका भिंतीला टेकून पाघळले होते. मागच्या खोलीत यंत्र चालवणारा माणूस हसता हसता खोक्यावर कोसळला, गडगडाटाचं बटण दाबलं गेलं, चारही स्पीकर खोकल्यासकट हसायला लागले, आणि कोणाला ऐकूसुद्धा आलं नाही. पडदा पाडावा लागला. अकरा मिनिटं! मावशींनी दोन्ही पाय चपलांतून काढून जमिनीवर टेकवले होते. माझ्याकडे वळून म्हणाल्या, “सहा वर्षांनी ऐकू आलं रे मला. पायांतून.” त्या खरंच हसत होत्या आणि खरंच रडत होत्या.

बाहेरच्या दालनात आलो. तिथं एका भिंतीला मोठा आरसा आहे. मावशी आरशासमोर उभ्या राहून सुटलेले केस बांधत होत्या. त्यांच्या मागे वारा, काका आणि मी. मॅनेजर रुमालानं डोळे टिपत आला आणि मोजायचं यंत्र पुढे केलं.

“नऊ,” तो म्हणाला.

“नऊ कसे?” वारा ओरडली.

“आठ आधीचे. नववा थांबलाच नाही, तर दहावा मोजू कुठून? एक हशा तो एक हशा.” तो पुन्हा डोळे टिपायला लागला आणि आवाज खाली आणून म्हणाला, “मी स्वतः पोट दुखेपर्यंत हसलो हो. पण बावन्न आणि नऊ. शब्द म्हणजे शब्द. उद्यापासून यंत्र. मावशींना तुम्हीच सांगा, मला सांगवणार नाही.”

वाराचा चेहरा पडला. काकांनी चष्मा काढला. मावशी आपल्या पाठमोऱ्या, नजर आरशात, दातांत पीन धरून केस बांधतायत, त्यांना कशाचा पत्ता नाही. माझा शेवटचा शॉट समोर उभा होता, जसाच्या तसा. आणि मला तो नको होता. अजिबात नको होता! मी पुढे झालो, मावशी आणि आरसा यांच्या मधे शिरलो आणि ओठ चांगले मोकळे हलवत म्हणालो, “मावशी, साहेब म्हणतायत, उद्या तीनचा खेळ. पाचवी ओळ, कडेची खुर्ची.”

“अहो, मी असं कुठं म्हणालो!” मागून मॅनेजर. पण मागून बोलून काय उपयोग?

मावशी माझ्याकडे बघत राहिल्या. डोळे एकदम भरले त्यांचे. मग त्यांनी तोंडातली पीन काढून केसांत खोचली आणि अर्ध्या सेकंदात त्यांचं हसू फुटलं. वळल्या त्या थेट मॅनेजरचे दोन्ही हात धरून, “साहेब! तुमच्या तोंडात साखर पडो!”

वारानं विचारलं नाही. “अगं बाई, अभिनंदन! ऐकलंत का, राहिल्या, मावशी राहिल्या!” म्हणत ती बाहेर पडणाऱ्या गर्दीत घुसली. ह्याचा दंड धर, तिच्या पाठीवर थाप मार. लोक थांबले, वळले, टाळ्या वाजवायला लागले, अख्खं दालन हसायला लागलं. मॅनेजर तोंड उघडत होता आणि मिटत होता. आणि अगदी नेमक्या वेळी, जिन्याजवळून, काकांचा सुस्कारा आला, “हाऽऽऽ... खरंय बुवा!” दालन चिडीचूप. शे-दोनशे माणसं मॅनेजरकडे बघत उभी.

मॅनेजरनं मोजायचं यंत्र खिशात टाकलं. “तीनला,” तो म्हणाला. “वेळेवर या.”

तर फिल्म गेली. शेवट नाही, शॉट नाही, नावसुद्धा आता चालायचं नाही. ताईला फोन केला तेव्हा मला धड बोलताच येईना, मी नुसता हसत होतो, आणि ती पलीकडून घाबरून विचारत होती की तुला कोणी काय दिलं. आज तीनला मलाही जायचंय, मावशींच्या शेजारी. नट मफलर सोडणार नाही म्हणतो. त्याआधी वाराकडे चहा, कॅमेरा नेणार नाही, चहा बशीत असतो तेव्हा तो मधे येतो.

मॅनेजर काय म्हणाला होता ते मावशींना कधीही कळू द्यायचं नाही, असं आम्ही तिघांनी ठरवलंय. काका आणि वारा हो हो म्हणाले, पण एकमेकांकडे बघून असे काही हसले की मला जरा शंकाच आली त्यांच्या भरवशाची. बिचारीला खूश राहू दे.

एकच गोष्ट राहिली. काल निघताना मी मावशींना समोरून, नीट, सावकाश म्हणालो, “मावशी, दालनात तुम्ही खरं हसलात हां! नियम म्हणजे नियम, रुमाल तोंडात!”

“छे रे,” मावशी म्हणाल्या. “ते कामातलं होतं.”

माझे ओठ त्यांनी नीट वाचले नसावेत.